नॉर्मन लिअर: सिटकॉमचे लेखक-निर्माते आणि त्यांच्याबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नॉर्मन लिअर म्हणजे नेमके कोण?

अमेरिकन टीव्हीवरच्या सिटकॉमचे, म्हणजे अर्ध्या तासाच्या विनोदी मालिकांचे, लेखक आणि निर्माते. जन्म २७ जुलै १९२२, न्यू हेवन, कनेटिकट. मृत्यू ५ डिसेंबर २०२३, वयाच्या १०१ व्या वर्षी. १९७४-७५ च्या हंगामात अमेरिकेत सर्वाधिक पाहिल्या गेलेल्या पहिल्या दहा कार्यक्रमांपैकी पाच त्यांच्या कंपनीचे होते: 'ऑल इन द फॅमिली', 'सॅनफर्ड अँड सन', 'द जेफरसन्स', 'गुड टाइम्स' आणि 'मॉड'. तेव्हा तिथे मोठी नेटवर्क (स्थानिक केंद्रांमार्फत देशभर कार्यक्रम दाखवणाऱ्या कंपन्या) तीनच होती. त्यामुळे हे आकडे आजच्या 'हिट'च्या मापाने मोजू नयेत. रात्री टीव्ही लावला की लिअर टाळणं अवघडच होतं.

'लेखक-निर्माता' ही काय भानगड आहे? निर्माता तर पैसे घालतो ना?

आपल्याकडे निर्माता म्हटलं की चेकबुक डोळ्यांसमोर येतं, म्हणून हा प्रश्न नेहमी येतो. अमेरिकन सिटकॉममध्ये निर्मात्यांच्या नामावळीतली बरीच मंडळी मुळात लेखकच असतात. नवा माणूस 'स्टाफ रायटर' म्हणून लागतो, मग स्टोरी एडिटर, प्रोड्युसर, सुपरवायझिंग प्रोड्युसर असं करत एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसरपर्यंत चढतो. प्रत्येक पायरीवर पगार वाढतो. त्याहून महत्त्वाचं म्हणजे संहितेवरचा हक्क वाढतो. शेवटच्या पायरीवरचा माणूस कलाकार निवडतो, दिग्दर्शकाला सूचना देतो, संकलनाला बसतो आणि नेटवर्कचा फोन घेतो.

फोन घेण्याचं काम सगळ्यात कमी दिसतं आणि लिअर यांची कारकीर्द समजून घ्यायची तर तेच सगळ्यात महत्त्वाचं. विनोद चांगला लिहिणारे त्या काळात पुष्कळ होते. लिहिलेला विनोद तसाच पडद्यावर जावा म्हणून रात्री नेटवर्कच्या अध्यक्षाशी भांडायची तयारी असलेले फार थोडे होते.

ते या धंद्यात आले कसे?

सरळ मार्गाने नाही. बोस्टनचं इमर्सन कॉलेज अर्ध्यावर सोडून ते १९४२ मध्ये सैन्यात दाखल झाले, बी-१७ बाँबर विमानात रेडिओ ऑपरेटर आणि गनर म्हणून ५२ मोहिमांवर गेले. युद्धानंतर काही काळ प्रसिद्धीचं काम केलं आणि मग लॉस एंजेलिस गाठलं. तिथे चुलत बहिणीचा नवरा एड सिमन्स याच्यासोबत ते दारोदार फिरून वस्तू विकायचे. सिमन्सला विनोदी लेखक व्हायचं होतं. दोघं संध्याकाळी बसून लिहू लागले.

पहिली संधी एका थापेतून मिळाली. डॅनी थॉमस हा त्या वेळचा बडा विनोदी कलाकार. लिअर यांनी त्याच्या एजंटच्या ऑफिसात फोन लावला, आपण न्यूयॉर्क टाइम्सचे बातमीदार आहोत असं सांगितलं आणि थॉमसचा नंबर मिळवला. थॉमसला ही युक्ती इतकी आवडली की त्याने त्यांचं लिखाण विकत घेतलं. त्यातून १९५० मध्ये टीव्हीचं काम मिळालं आणि लगेच डीन मार्टिन-जेरी लुइस या जोडीच्या 'कोलगेट कॉमेडी अवर'साठी लिहायला बोलावणं आलं.

(ही युक्ती आज करून पाहू नका. तेव्हा टेलिफोन ऑपरेटर भोळ्या होत्या.)

मग 'ऑल इन द फॅमिली'पर्यंतची वीस वर्षं काय केलं?

विविधरंगी कार्यक्रम लिहिले, हेन्री फोंडाला घेऊन 'द डेप्युटी' नावाच्या वेस्टर्न मालिकेची कल्पना रचली, दिग्दर्शक बड यॉर्किन यांच्यासोबत 'टँडम प्रॉडक्शन्स' काढली आणि चित्रपट केले. 'डिव्होर्स अमेरिकन स्टाइल' (१९६७) च्या पटकथेला ऑस्कर नामांकन मिळालं. म्हणजे माणूस अपयशी नव्हता, पण ज्या मालिकेमुळे आज नाव घेतो ती आली तेव्हा ते ४८ वर्षांचे होते. सिटकॉम हा तरुणांचाच धंदा, असं म्हणणाऱ्यांनी हा आकडा लक्षात ठेवावा.

'ऑल इन द फॅमिली'ची कल्पना त्यांची स्वतःची होती का?

अर्धी. ब्रिटनमध्ये बीबीसीवर जॉनी स्पाइट यांची 'टिल डेथ अस डू पार्ट' ही मालिका चालू होती: एक तोंडाळ, पूर्वग्रहांनी भरलेला म्हातारा आणि त्याचा डाव्या विचारांचा जावई. लिअर यांनी तिच्याबद्दल वाचलं आणि हक्क घेतले. वाचताक्षणी त्यांना आपले वडील आठवले, हे ते पुढे कायम सांगत. वडील खोट्या रोख्यांच्या व्यवहारात तुरुंगात गेले तेव्हा नॉर्मन नऊ वर्षांचा होता. घरात वडिलांची एक ठरलेली खुर्ची होती आणि बायकोला 'स्टायफल युअरसेल्फ', म्हणजे 'तोंड बंद ठेव', असं दरडावण्याची सवय होती. 'ऑल इन द फॅमिली'चा नायक आर्ची बंकर याची खुर्ची आणि बायको एडिथला गप्प करण्याची त्याची पद्धत थेट तिथून आली.

एबीसीने १९६८ आणि १९६९ मध्ये दोन पायलट (नमुन्याचे भाग) करवून घेतले आणि दोन्ही नाकारले. आर्ची-एडिथ म्हणून कॅरल ओ'कॉनर आणि जीन स्टेपलटन ही मुख्य जोडी पहिल्यापासून तीच होती. मुलगी आणि जावई मात्र प्रत्येक वेळी बदलले. तिसऱ्या खेपेला सॅली स्ट्रदर्स आणि रॉब रायनर आले, नेटवर्क सीबीएस झालं आणि १२ जानेवारी १९७१ रोजी पहिला भाग गेला.

सीबीएसने ही मालिका का घेतली, याचं उत्तर धंद्यात आहे. त्या काळात या नेटवर्कवर ग्रामीण विनोदाच्या मालिका भरपूर होत्या. प्रेक्षक होते, पण जाहिरातदारांना हवे असलेले शहरी तरुण प्रेक्षक कमी होते. नवे अध्यक्ष रॉबर्ट वुड यांना हे चित्र बदलायचं होतं. धाडस होतंच, पण त्यामागे हिशेब होता.

पहिल्याच भागावरून भांडण झालं होतं, ते काय?

एका ओळीवरून. रविवारची सकाळ. आर्ची आणि एडिथ चर्चमधून लवकर परततात. मुलगी-जावई घरात एकटेच असतात आणि त्यांचा काय बेत होता ते आर्चीच्या ध्यानात येतं. तो चिडून म्हणतो, रविवारी सकाळी अकरा वाजता! सीबीएसला ही ओळ नको होती. ओळीत एकही अभद्र शब्द नाही, पण प्रेक्षकाच्या मनात चित्र उभं राहतं, असा त्यांचा आक्षेप.

लिअर यांनी कळवलं की ओळ गेली तर मीही जातो. त्यांच्या हातात तेव्हा युनायटेड आर्टिस्ट्सचा तीन चित्रपटांचा प्रस्ताव होता, त्यामुळे ही पोकळ धमकी नव्हती. ओळ राहिली. एवढ्याशा ओळीसाठी एवढा ताण कशाला, असं वाटू शकतं. त्यांचं गणित असं होतं की पहिल्या दिवशी क्षुल्लक गोष्टीत माघार घेतली की दुसऱ्या दिवसापासून प्रत्येक क्षुल्लक गोष्ट मागितली जाते. मला तर या सबंध कारकिर्दीतला सगळ्यात मोठा निर्णय हाच वाटतो. गर्भपात, वंशभेद, युद्ध हे सगळे विषय या एका ओळीच्या मागून आत आले.

सीबीएसने त्या रात्री तक्रारी घ्यायला जादा ऑपरेटर बसवले होते. तक्रारींचा अपेक्षित पूर काही आला नाही. प्रेक्षकही फारसे आले नाहीत. ते आले मे महिन्यातल्या एमी या टीव्ही-पुरस्कारांनंतर, उन्हाळ्यातल्या पुनःप्रक्षेपणात. मग सलग पाच हंगाम मालिका पहिल्या क्रमांकावर राहिली.

त्यांनी स्वतः किती भाग लिहिले?

लोकांना वाटतं त्यापेक्षा खूपच कमी. पण त्यांचा हात न फिरलेली संहिता शोधणंही कठीण.

मग लिखाण चालायचं कसं?

लेखकांना त्यांची पहिली ताकीद असायची: रोज दोन-तीन वर्तमानपत्रं वाचा आणि आपल्या घरात काय चाललंय ते बघा. बायकोशी कशावरून वाजलं, मुलगा काय लपवतोय, आईला काय झालंय. कथाबैठकीत लेखक हेच घेऊन यायचे. त्यातून एक गोष्ट निवडली जायची, एक जण मसुदा लिहायचा आणि तो टेबलावर आला की सगळे मिळून फाडायचे.

आठवड्याची सुरुवात कलाकारांच्या वाचनाने होई. वाचताना हशा कुठे पडला नाही ते कळतं, मग रात्री पुनर्लेखन. दुसऱ्या दिवशी उभ्याने तालीम, पुन्हा पुनर्लेखन. चित्रीकरणाच्या दिवशी दोन वेगवेगळ्या प्रेक्षकांसमोर दोन प्रयोग व्हायचे, एक संध्याकाळी आणि एक रात्री. पहिल्या प्रयोगात जे पडलं ते मधल्या वेळात बदललं जायचं आणि दोन्हींतले चांगले तुकडे जोडून भाग तयार व्हायचा. सगळं व्हिडिओ टेपवर. त्या काळातल्या बऱ्याच सिटकॉम फिल्मवर प्रेक्षकांविना चित्रित व्हायच्या आणि आधीच ध्वनिमुद्रित केलेला हशा नंतर डबीतून ओतला जायचा. लिअर यांना डबीतला हशा नको होता. समोर बसलेला माणूस खोटं हसत नाही, आणि शांत बसला तर ती शांतताही खरी असते. त्यांच्या मालिकांत लांबलचक स्तब्धता दिसतात त्या याच खात्रीवर.

रंगभूमीवर वावरलेल्या कोणालाही हा प्रकार ओळखीचा वाटेल: दर आठवड्याला नवं नाटक, दोन प्रयोग आणि लगेच बंद.

डॉन निकोल, मायकेल रॉस आणि बर्नी वेस्ट हे त्रिकूट लेखकांच्या या खोलीतूनच पुढे 'द जेफरसन्स' घेऊन बाहेर पडलं. सुझन हॅरिस यांनी 'मॉड'साठी लिहिलं आणि पुढे 'सोप' व 'द गोल्डन गर्ल्स' निर्माण केल्या. लिअर यांच्या मालिका जुन्या वाटल्या तरी त्यांच्या हाताखालून गेलेल्या लेखकांची यादी जुनी होत नाही.

कलाकारांशी त्यांचं पटायचं का?

ओ'कॉनर यांच्याशी जवळजवळ दर आठवड्याला खटके उडत. ओ'कॉनर स्वतः सुशिक्षित, उदारमतवादी आणि लेखनाची जाण असलेले, त्यामुळे संहिता त्यांना सहसा पसंत नसे. लिफ्टमध्ये अडकलेल्या माणसांसमोर एक बाई बाळंत होते, या भागाला तर त्यांनी ठाम नकार दिला. वकील आले, नेटवर्कची माणसं आली. लिअर म्हणाले, हाच भाग होईल. झाला. बाळाचा पहिला आवाज येतो तेव्हा कॅमेरा ओ'कॉनर यांच्या चेहऱ्यावर आहे आणि तो त्यांच्या उत्कृष्ट कामांपैकी एक समजला जातो.

१९७४ मध्ये मानधनावरून ओ'कॉनर कामावर आले नाहीत, तेव्हा लेखकांनी आर्चीच बेपत्ता झाल्याची गोष्ट लिहून काही भाग निभावले. त्याच वर्षी 'सॅनफर्ड अँड सन'चे रेड फॉक्सही रुसून गेले होते. सिटकॉमच्या लेखकाला 'उद्या नायक नसेल तर' ही गोष्ट कायम खिशात ठेवावी लागते.

'मॉड'मधल्या गर्भपाताच्या भागाबद्दल नेहमी बोललं जातं. काय झालं होतं?

नोव्हेंबर १९७२. सत्तेचाळीस वर्षांची मॉड अनपेक्षितपणे गरोदर राहते आणि दोन भागांच्या शेवटी गर्भपाताचा निर्णय घेते. न्यूयॉर्क राज्यात तो कायदेशीर होता, देशभरासाठीचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल यायला अजून दोन महिने होते. संहिता सुझन हॅरिस यांची.

पहिल्या प्रक्षेपणाच्या वेळी सीबीएसच्या दोन स्थानिक केंद्रांनीच भाग दाखवायला नकार दिला. खरा गदारोळ पुढच्या उन्हाळ्यात पुनःप्रक्षेपणाला झाला. तोवर विरोधक संघटित झाले होते. कितीतरी केंद्रांनी अंग काढून घेतलं आणि राष्ट्रीय जाहिरातदार पळाले. पहिल्या वेळी लोक बेसावध असतात, दुसऱ्या वेळी तयारीने येतात. नेटवर्कवाल्यांना हे लिअर यांच्याआधी कळलं असावं.

कृष्णवर्णीय कुटुंबांच्या मालिका त्यांनी केल्या, पण त्यावर टीकाही झाली. का?

'गुड टाइम्स'ची निर्मिती एरिक माँटी आणि माइक इव्हान्स या दोन कृष्णवर्णीय लेखकांची. शिकागोच्या सरकारी वसाहतीतलं गरीब कुटुंब. एस्थर रोल यांनी आईची भूमिका स्वीकारतानाच अट घातली की या घरात नवरा हवा, कारण टीव्हीवर कृष्णवर्णीय घरात वडील दाखवतच नव्हते. म्हणून वडिलांच्या भूमिकेत जॉन एमोस आले. पण मालिका चालली ती मोठ्या मुलाच्या, जेजेच्या, माकडचाळ्यांवर. त्याचे पंच वाढत गेले, आईवडिलांच्या गोष्टी आटत गेल्या. एमोस तक्रार करत राहिले आणि १९७६ मध्ये त्यांना काढलं गेलं. संहितेत वडील अपघातात वारले. पुढच्या वर्षी रोलही काही काळासाठी बाहेर पडल्या.

इथे लिअर यांची बाजू मला लंगडी वाटते. ज्या माणसाने एका ओळीसाठी नोकरी पणाला लावली, त्याच माणसाच्या कंपनीत कलाकार संहितेवर हरकत घेत होते आणि खोलीतले बहुतेक लेखक गोरे होते. माँटी यांनी पुढे कोर्टात दावा लावला आणि तो तडजोडीने मिटला.

'द जेफरसन्स'च्या जन्माबद्दल लिअर सांगत की ब्लॅक पँथर्स या कृष्णवर्णीयांच्या लढाऊ संघटनेची काही माणसं ऑफिसात येऊन 'आमची माणसं टीव्हीवर नेहमी गरीबच का?' असं विचारून गेली. मग ड्रायक्लीनिंगच्या धंद्यावर श्रीमंत झालेला जॉर्ज जेफरसन आला. तोही आर्चीइतकाच तोंडाळ, आणि शेजारी गोरा नवरा-काळी बायको असं जोडपं. मालिका १९७५ ते १९८५ अशी दहा वर्षं चालली.

आर्चीमुळे लोकांचे पूर्वग्रह कमी झाले की पक्के झाले?

हा वाद मालिकेइतकाच जुना आहे. १९७१ मध्येच कादंबरीकार लॉरा हॉबसन यांनी न्यूयॉर्क टाइम्समध्ये लिहिलं की द्वेष करणाऱ्या माणसाला गोड करून दाखवणं हा खोटेपणा आहे. १९७४ मध्ये नील विडमार आणि मिल्टन रोकीच यांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. अमेरिका आणि कॅनडातल्या प्रेक्षकांना विचारल्यावर दिसलं की ज्यांच्या मनात पूर्वग्रह जास्त, त्यांना आर्ची जास्त आवडतो आणि वादात तोच जिंकतो असं वाटतं. बाकीच्यांना त्याची फजिती होताना दिसते. एकच भाग, दोन वेगळे कार्यक्रम.

लिअर याला उत्तर देताना म्हणत की दोन हजार वर्षांच्या धर्माने जे बदललं नाही ते अर्ध्या तासाच्या सिटकॉमने बदलावं ही अपेक्षाच गमतीदार आहे. उत्तर चतुर आहे, पण पूर्ण नाही. व्हाइट हाउसच्या १९७१ च्या ध्वनिफितींत राष्ट्राध्यक्ष निक्सन समलिंगी पात्राच्या एका भागावरून या मालिकेवर तणतणताना ऐकू येतात. म्हणजे जे चिडायचे ते नेमके चिडत होते. जे हसत होते ते कशाला हसत होते, हे मात्र टेपवर येत नाही.

'फॅमिली अवर'चा खटला काय होता?

१९७५ मध्ये सरकारी संपर्क आयोगाच्या दबावाखाली नेटवर्कांनी रात्री आठ ते नऊ ही वेळ कुटुंबाने एकत्र पाहण्याजोग्या कार्यक्रमांना राखून ठेवली. 'ऑल इन द फॅमिली' शनिवारी आठची आपली जागा सोडून सोमवारी नऊला गेली. लेखकांच्या संघटनेसोबत लिअर यांची कंपनी कोर्टात गेली. १९७६ मध्ये न्यायाधीश वॉरन फर्ग्युसन यांनी हा दबाव अभिव्यक्तिस्वातंत्र्याविरुद्ध ठरवला. पुढे वरच्या कोर्टात तो निकाल टिकला नाही.

त्यांच्या फसलेल्या मालिकाही आहेत का?

भरपूर. 'हॉट एल बाल्टिमोर' एका हंगामात संपली. 'ऑल दॅट ग्लिटर्स' लवकर गुंडाळली. १९९४ मध्ये आर्चीच्या जुन्या घरात राहायला आलेल्या कृष्णवर्णीय कुटुंबावरची '७०४ हाउझर' केली, तीही थोडक्यात आटोपली.

'मेरी हार्टमन, मेरी हार्टमन' वेगळी का मानतात?

तिन्ही नेटवर्कांनी नाकारलेली ही मालिका लिअर यांनी देशभरच्या स्थानिक केंद्रांना एकेक करून विकली. केंद्रचालकांना घरी जेवायला बोलावून. आठवड्याला पाच भाग, सोप ऑपेराची टिंगल करता करता स्वतःच सोप ऑपेरा झालेली विचित्र चीज. नेटवर्कशिवायही मालिका चालू शकते हे १९७६ मध्ये दाखवून देणं हे तिच्या विनोदाइतकंच महत्त्वाचं.

एवढा पैसा कुठून आला?

मालकीतून. सरकारने १९७० मध्ये केलेल्या नियमांनुसार नेटवर्कांना आपल्यावर दाखवल्या जाणाऱ्या बाहेरच्या कार्यक्रमांच्या पुनर्विक्रीत वाटा घेता येत नव्हता. पहिल्या प्रक्षेपणात निर्मात्याला फारसं उरत नसे, अनेकदा तोटाच असे. पण शंभरेक भाग जमले की तीच मालिका स्थानिक केंद्रांना वर्षानुवर्षं विकता येई. लिअर यांच्याकडे अशा अनेक मालिका होत्या. १९८५ मध्ये त्यांनी आणि भागीदार जेरी पेरेंचिओ यांनी कंपन्या कोका-कोलाला ४८.५ कोटी डॉलरना विकल्या. ते नियम १९९० च्या दशकात गेले आणि स्वतंत्र निर्मात्याचं हे गणितही त्यांच्याबरोबर मोडलं. आजचा शोरनर, म्हणजे मालिकेची सूत्रं सांभाळणारा लेखक-निर्माता, नावाजलेला असतो, मालक क्वचितच असतो.

विक्रीनंतर ते निवृत्त झाले?

छे. रोजच्या लिखाणातून ते १९७० च्या दशकाच्या शेवटीच बाजूला झाले होते आणि धार्मिक उजव्यांच्या राजकारणाला उत्तर म्हणून 'पीपल फॉर द अमेरिकन वे' ही संस्था काढली होती. आर्चीचा जावई झालेला रॉब रायनर आता दिग्दर्शक झाला होता. त्याच्या 'द प्रिन्सेस ब्राइड' या चित्रपटाला लिअर यांचा पैसा होता. २००० मध्ये अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याची एक मूळ छापील प्रत एका भागीदारासोबत ८१ लाख डॉलरहून अधिक किमतीला घेतली आणि देशभर फिरवली.

टीव्हीवर ते परतले २०१७ मध्ये, 'वन डे ॲट अ टाइम' या आपल्याच जुन्या मालिकेच्या नव्या अवतारासह. या वेळी कुटुंब क्युबन-अमेरिकन होतं आणि सूत्रं ग्लोरिया काल्डेरॉन केलेट व माइक रॉइस यांच्या हातात. मग २०१९ मध्ये जुन्या संहिता नव्या कलाकारांकडून थेट प्रक्षेपणात करवून घेतल्या आणि ९७ व्या वर्षी एमी घेतला. पुढच्या वर्षी आणखी एक.

पाहायला सुरुवात कुठून करावी?

पहिल्या भागापासून करू नका, तो अजून अवघडलेला आहे. 'ऑल इन द फॅमिली'च्या दुसऱ्या हंगामात कृष्णवर्णीय गायक-अभिनेता सॅमी डेव्हिस ज्युनिअर आर्चीच्या घरी येतो तो भाग आधी पाहा, मग लिफ्टचा. त्यानंतर 'मॉड'चे ते दोन भाग सलग. 'गुड टाइम्स' पाहायची तर जॉन एमोस असेपर्यंतचे तीन हंगाम पुरेत.